मुंग्यांच्या आकाशातला घटकू

लालबागला आमच्या खोलीच्या छपराला एक भोक होतं. ते कसं पडलं याच्या मी आजवर सात हकिकती सांगितल्या आहेत आणि त्यांतल्या निदान तीन लोकांना पटल्याही आहेत. सगळ्यांत चालते ती पोलिसांच्या गोळीची. परळच्या नाक्यावरून ती गोळी सुटली, वाटेत एका कावळ्याची शेपटी कापली, आमचं कौल फोडून आत आली आणि वहिनीच्या लोणच्याच्या बरणीत शिरून थंड झाली. ते लोणचं पुढे मी स्वतः खाल्लं, असंही मी सांगतो. खरी गोष्ट अशी की दिवाळीत समोरच्या चाळीतल्या कुणीतरी सोडलेला बाण आमच्या कौलावर आपटला आणि रुपयाएवढा टवका उडाला. पण संयुक्त महाराष्ट्राच्या त्या दिवसांत, जेव्हा प्रत्येक खोलीत कुणाला ना कुणाला लाठीचा वळ उठलेला होता, तेव्हा दिवाळीच्या बाणाने पडलेलं भोक घेऊन माणसाने तोंड कुठे दाखवायचं?

खोली तिसऱ्या माळ्यावर, अगदी टोकाची. वर मंगळुरी कौलं, खाली कोबा, एका अंगाला दार आणि समोरच्या अंगाला मोरी. एवढ्यात आम्ही चौघं. माझा थोरला भाऊ, म्हणजे दादा, वहिनी, त्यांची सहा वर्षांची मुलगी आणि मी. दादा गिरणीत साचे, म्हणजे माग, चालवायचा, पहिल्या पाळीला. मी त्याच गिरणीत बदली. बदली म्हणजे रोज सकाळी फाटकाशी जाऊन उभं राहायचं. कुणी कामगार आला नाही तर त्याच्या जागी आत, सगळे आले तर आपण घरी. आमच्या गिरणीतले कामगार इतके निरोगी होते की त्यांना साधी सर्दी होत नसे. मी बहुतेक घरीच असायचो.

दिवाळी झाली आणि चाळीतून सत्याग्रहाची तुकडी निघायचं ठरलं. प्रत्येक माळ्यावरून चार माणसं. आमच्या माळ्याच्या यादीत नाव माझं होतं. मीच उड्या मारून घातलं होतं, आणि तुरुंगात गेल्यावर पहिल्या दिवशी काय बोलायचं याचं भाषण मी गॅलरीत तीनदा करून दाखवलं होतं. मग आदल्या संध्याकाळी जॉबरचा, म्हणजे बदल्या भरणाऱ्या मुकादमाचा, निरोप आला की उद्या ये, आठवडाभर जागा आहे. महिन्यात पहिल्यांदा आला तो निरोप. वहिनी मोरीत भांडी घासत होती. ती मान वर न करता म्हणाली, "भावजी, तुम्ही कामावर जा. तुमच्या जागी मी जाते."

मी नको म्हणालो. किती जोरात नको म्हणालो ते मात्र मला नीट आठवत नाही. बाकी सगळं आठवतं.

बायकांना तेव्हा पकडायचे आणि संध्याकाळी कुठेतरी वडाळ्याच्या पलीकडे मिठागरांपाशी नेऊन सोडायचे. त्या परत चालत यायच्या, घोषणा देत, पायाला चिखल. म्हणून वहिनीने संध्याकाळच्या भाकरीचं पीठ काढून ठेवलं होतं. त्या खेपेला मात्र सोडलं नाही. दोन महिन्यांची शिक्षा झाली. ते पीठ तसंच परातीत राहिलं.

मुलगी रडली नाही. रडली असती तर बरं झालं असतं, रडणाऱ्या पोराला काय करायचं हे पुरुषमाणसालाही थोडंफार कळतं. तिने जेवण सोडलं. म्हणजे हट्ट वगैरे नाही, ताटावर बसायची, दोन घास घ्यायची आणि मग हात तसाच ठेवून बघत राहायची. दादाने शिरा केला, तो मी खाल्ला. शेजारच्या मामीने, जिला अख्खी चाळ मामी म्हणायची आणि जी मालवणहून येताना समुद्र बरोबर घेऊन आली असावी असं तिच्या स्वयंपाकावरून वाटायचं, तिने बांगड्याचं तिखलं पाठवलं. तेही मीच खाल्लं. आठवड्यात पोरगी अशी झाली की तिचा फ्रॉक वाळत घालायला वेगळी दोरी नको, तिच्याच खांद्याच्या हाडावर टाकला तर वाळेल. दादा पाळीवरून आला की आधी तिचं ताट बघायचा. मग माझ्याकडे बघायचा. यादीत नाव कुणाचं होतं ते त्याला माहीत होतं.

माझं आठवड्याचं काम संपलं आणि मी पुन्हा घरी. एक दिवस मुलगी कोब्यावर पालथी पडून बघत होती. छपराच्या भोकातून कवडसा पडला होता, पुरीएवढा गोल, आणि तो हळूहळू सरकत होता. कोब्याला जागोजाग भेगा गेलेल्या. एका भेगेतून मुंग्यांची रांग चालली होती. मुंग्या उजेडात आल्या की चमकायच्या, पुढे गेल्या की विझायच्या.

"हे काय आहे?" तिने विचारलं.

आता कवडसा म्हणालो असतो तर गोष्ट तिथेच संपली असती. मी तिच्या शेजारी पालथा पडलो आणि आवाज खाली आणून सांगितलं की हा साधासुधा प्रकार नव्हे. हे खाली दिसतं ते मुंग्यांचं राज्य. भेगा म्हणजे नद्या. मोरी म्हणजे समुद्र, तिथे वहिनीची घासणी म्हणजे बेट. तांदळाचा डबा ही राजधानी. आणि या राज्याच्या आकाशात ना सूर्य ना चंद्र, फक्त हा एक गोळा, ज्याचं नाव महाघटिकाधिपती. आपल्याकडे वेळ घड्याळात असते. यांच्याकडे घड्याळ नाही, हा गोळा जाईल तिथे वेळ जाते. तो ज्या नदीवर येईल तिथल्या मुंग्या उठतात, आणि तो पुढे गेला की मागे वेळच उरत नाही. तिथे कुणी म्हातारं होत नाही की कुणाला भूक लागत नाही, सगळं जागच्या जागी थांबून राहतं.

ती बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली, "एवढं मोठं नाव मुंग्यांना म्हणता येत नसेल."

"मग काय म्हणत असतील?"

"घटकू," ती म्हणाली.

त्या दिवसापासून घटकूचे कायदे सुरू झाले. घटकू दाराजवळच्या पहिल्या नदीवर आला की राज्यात सगळ्यांनी दूध प्यायचं. मधल्या मोठ्या नदीवर आला की भात, तो शेवटच्या शितापर्यंत, कारण घटकू पुढे सरकला की भूक थांबते आणि ताटातलं तसंच राहून जातं, शंभर वर्षं. घटकू समुद्राच्या काठाला टेकला की राजा कामावरून घरी येतो. घटकू मोठ्या नदीवर यायला आणि गिरणीचा दुपारच्या सुट्टीचा भोंगा व्हायला एकच गाठ पडायची, आणि समुद्राच्या काठाला तो टेकतो न टेकतो तोच पाळी सुटल्याचा भोंगा. मुलीला वाटायचं भोंगे घटकूला बघून वाजतात. मी तिला तसंच वाटू दिलं. पहिल्या दिवशी तिने अर्धी मूद खाल्ली. चौथ्या दिवशी पूर्ण. मी प्रत्येक घासाला राज्यात एक नवीन सरदार जन्माला घालत होतो. आठवड्याअखेरीस त्या कोब्यावर इतके सरदार झाले की पाय टाकायला जागा नव्हती.

मग हरताळ आला. गिरण्या बंद, भोंगे बंद. ज्यांनी गिरणगावात दिवस काढलेत त्यांना सांगायला नको, पण इतरांना सांगतो, की आमच्या चाळीत घड्याळं होती तीन, आणि तिन्हींत वेगवेगळं वाजायचं. बायका तांदूळ धुवायच्या ते भोंग्यावर. भोंगा नाही तर दुपार झाली की नाही हे कुणाला कळेना. मामी दारात येऊन विचारू लागली की तांदूळ कधी वैरू. मुलीने कोब्याकडे बघितलं आणि सांगितलं, "अजून दोन मुंग्या मामी, मग वैरा." मामीने वैरले. भात झाला तेव्हा ज्याचं घड्याळ तिन्हींत त्यातल्या त्यात बरं, त्या नळाजवळच्या बिऱ्हाडकरूने येऊन सांगितलं की बरोबर वेळ. त्यानंतर आमच्या दारात बायकांची रांग. तळमजल्यावरून पोरं धावत यायची, घटकू कुठे आहे म्हणून विचारायला. मी पुढे पुढे सांगत असे की हिंदमातापर्यंतची दुकानं त्या दिवशी आमच्या कोब्यावर उघडली नि बंद झाली. ते सोडा. पण आमचा माळा तरी नक्की त्या सहा वर्षांच्या मुलीच्या सांगण्यावर जेवला, आणि तीही जेवली, सगळ्यांना जेवायला लावून मग शेवटी, घरातल्या बाईसारखी.

त्याच दिवशी, हात धुताना, तिने विचारलं की आई कधी येणार ते घटकूला माहीत आहे का.

मी सांगायला नको होतं. पण ती आता कुठे जेवू लागली होती. आणि मला बोलायला लागलं की थांबता येत नाही, हा माझा जुना रोग. मी बघून ठेवलं होतं की घटकू दुपारच्या भोंग्याला रोज नेमका त्याच ठिकाणी नसतो. दोन दिवसांना बोटभर तो रोजच्या वाटेला आडवा, बाजूच्या भिंतीकडे सरकतो. मी मनात हिशेब केला. साच्यावर कापड गुंडाळलं जातं ते सारखं, पाळीच्या पहिल्या तासाला जितकं तितकंच शेवटच्या तासाला. मग दोन दिवसांना एक बोट, तर वहिनीचे राहिलेले दिवस म्हणजे तेवीस बोटं, वर-खाली. मी बोटांनी मोजलं, आणि बरोबर त्या जागेवर वहिनीची पत्र्याची पेटी ओढून ठेवली. तिला सांगितलं की हा त्या राज्याचा शेवटचा डोंगर. घटकू ज्या दुपारी डोंगराच्या पायाला लागेल त्या दिवशी आई येईल.

ती म्हणाली, "नक्की?"

मी म्हणालो, "घटकू कधी चुकलाय का?"

तिने खडूचा तुकडा आणला आणि पेटीच्या चारी बाजूंनी रेघ मारली, म्हणजे डोंगर हलायला नको. आणि रोज दुपारच्या भोंग्याला ती घटकूच्या पुढच्या कडेला एक बारीक रेघ ओढू लागली.

पहिल्या दहा दिवसांत रेघा छान सुट्या सुट्या पडल्या. मी माझ्यावर खूश होतो. दादालाही मी हिशेब समजावला, साच्याचं उदाहरण देऊन, आणि दादाने मान डोलावली. दोघेही विणकर. सूर्य साच्यासारखा एका चालीने जात नसेल, हे आमच्यातल्या कुणालाच सुचलं नाही. मग रेघा जवळ जवळ येऊ लागल्या. दोन रेघांत बोट मावायचं तिथे काडी मावेना. मग एका रेघेवरच दुसरी रेघ. मग तिसरीही तिथेच. पेटी वीतभराहून लांब, आणि घटकू थांबलेला.

मी म्हणालो, दमला असेल, चढ आहे. दुसऱ्या दिवशी म्हणालो, समोरून सरदारांची वरात चालली असेल, वाट देत असेल. तिचा भात निम्मा राहिला. आठ दिवस असे गेले. मग एका दुपारी भोंगा झाला, तिने खडू टेकवला आणि तसाच धरून ठेवला. घटकूची कडा रेघेच्या अलीकडे होती. फार नाही, दोऱ्याएवढी.

"तो परत चाललाय," ती म्हणाली. "डोंगराला लागायच्या आधीच."

त्या दिवशी तिने ताट सरकवून ठेवलं. दुसऱ्या दिवशी ताटावर बसलीच नाही. संध्याकाळी दादाने एकदा माझ्याकडे बघितलं आणि गॅलरीत जाऊन उभा राहिला. तिला काय वाटत होतं ते मामीने मला सांगितलं, कारण ती मामीशी बोलली होती, माझ्याशी नाही. तिला वाटत होतं, घटकू मागे जातोय म्हणजे आईही मागे जातेय, आणि जितका घटकू लांब जाईल तितकी आई लांब जाईल.

पेटी हलवण्याचा विचार मी केला होता. पण चारी बाजूंनी खडूच्या रेघा. तेव्हा मी वर बघितलं. डोंगर हलत नसेल तर आकाश हलवायचं. वरच्या रांगेतल्या कौलाला एक नवं भोक पाडायचं, जुन्यात चिंधी कोंबायची, झालं, घटकू एका उडीत पेटीला. इतकी सोपी गोष्ट मला महिनाभर कशी सुचली नाही याचं मला आश्चर्य वाटलं.

दुपारच्या भोंग्याआधी मुलीला मामीकडे पाठवलं आणि मी खिळा-हातोडी कमरेला खोचून गॅलरीच्या कठड्यावरून पन्हळीला लोंबकळत छपरावर चढलो. तिथून काय दिसत होतं म्हणून सांगू. एका बाजूला अँटॉप हिल, दुसऱ्या बाजूला गिरगावची चौपाटी, आणि मन लावून बघितलं असतं तर मालवणचा किल्लाही दिसला असता, पण मी डोळे मिटून घेतले होते. सरपटत सरपटत जुन्या भोकापर्यंत गेलो, वरच्या रांगेतल्या कौलावर खिळा ठेवला आणि हातोडी मारली. कौलाचं असं आहे की त्याला भोक हवं असतं तेव्हा पडत नाही, आणि पडायचं ठरवलं की अख्खं कौल जातं. ते फुटलं आणि त्याचे तुकडे घरंगळत खाली गल्लीत गेले. मी घाबरून पुढे वाकलो, जुन्या भोकातून आत काही पडलं का बघायला.

नेमकी तीच वेळ. मुलगी दुपारच्या भोंग्याला मामीकडे कशी बसेल? ती येऊन कोब्यावर खडू घेऊन बसली होती. भोंगा झाला आणि तिच्या डोळ्यांदेखत घटकू विझला. भोकावर माझं डोकं होतं. त्या राज्यावर आजवर पडलेलं एकमेव ग्रहण म्हणजे मी. ती इतकी जोरात किंचाळली की मामी धावत आली, मामी किंचाळली तशी अर्धी चाळ धावत आली, आणि खाली गल्लीत, जिथे आत्ताच आकाशातून कौलं पडली होती, तिथे दोन शिपाई आणि एक हवालदार उभे होते. त्या दिवसांत चाळींच्या छपरांवरून दगड यायचे. वर माणूस दिसला की पोलीस दुसरं काही समजत नसत.

मामी गॅलरीतून वर बघून म्हणाली, "अरे मेल्या, चेडू हय रडता, आणि तू थंय खंय चढलंस?"

हवालदार वर येईपर्यंत मी खाली उतरलो होतो. हवालदार साडेसहा फूट, दारातून आत यायला त्याला तीन घड्या घालाव्या लागल्या, आणि मिशी अशी की दोन्ही टोकांवर एकेक चिमणी बसली असती तरी त्याला कळलं नसतं. साताऱ्याकडचा असावा.

"काय रं," तो म्हणाला, "धोंडं जमवत हुतास व्हय वर?"

मी नाही म्हणालो.

"मग काय करत हुतास?"

आयुष्यात एकदाच मला खरोखर थाप हवी होती आणि एकही आली नाही. मी म्हणालो, "सूर्य सरकवत होतो."

गॅलरीत हशा झाला. हवालदार हसला नाही. मुलगी उभी राहिली. तिने माझ्याकडे बघितलं, माझ्या कमरेच्या हातोडीकडे बघितलं, पेटीकडे बघितलं.

"तू त्याला ढकलायला गेला होतास?" ती म्हणाली.

हवालदाराने विचारलं की कुणाला ढकलायला, आणि मग तिनेच त्याला सगळं सांगितलं, नद्या, समुद्र, सरदार, डोंगर, आणि आई कुठे आहे ते. कुणाच्या गाडीतून आई गेली हेही सांगितलं. एक शिपाई बाहेर बघू लागला. हवालदार गुडघे मोडून खाली बसला, टोपी काढून मांडीवर ठेवली आणि खडूच्या रेघा बघू लागला. सुट्या, मग दाट, मग एकावर एक. फुटलेल्या कौलातून आता पाटाएवढा उजेड पडला होता, पण घटकू त्याच्या शेजारी वेगळा दिसत होता, रेघेच्या थोडा अलीकडे.

"पोरी," तो म्हणाला, "त्यो माघारी न्हाई चालला. वळलाय. आमच्या घरात बी असाच यायचा, पार जात्यापातुर. तितनं म्होरं कवाच जायाचा न्हाई. आई म्हणायची, सूर्व्या वळला, आता दिस वाढंल. दर साली वळतुया."

तिने विचार केला. मग त्याला विचारलं, मला नाही. "म्हणजे आईला आणायला वळलाय?"

हवालदार तसाच बसून राहिला. त्याच्या खांद्यावरच्या पट्टीवर कौलाची धूळ पडली होती.

"व्हय," तो म्हणाला. "त्याच कामाला."

मग उठून त्याने मला बरोबर घेतलं, कारण गल्लीत कौलं पडलेली नाक्यावर उभ्या असलेल्या त्याच्या साहेबाने बघितली होती आणि कुणीतरी न्यायलाच हवं होतं. चौकीतल्या बाकावर मी पाळी सुटेपर्यंत बसलो. एक कप चहा मिळाला. संयुक्त महाराष्ट्रासाठी मी जो काही तुरुंगवास भोगला तो एवढा, पण सांगताना मी तो बराच वाढवतो. दादा येऊन मला घेऊन गेला. वाटेत तो एवढंच म्हणाला, "साच्याचा हिशेब मलाही पटला होता."

घरी आलो तर मुलगी कोब्यावरच होती. मामीने छपरावर कुणाला तरी चढवून फुटल्या जागी पत्रा टाकून घेतला होता, घटकूचं भोक तेवढं सोडून. मी तिच्याजवळ बसलो आणि सांगितलं की डोंगराचं मी मनचं सांगितलं होतं. नद्यांचं, सरदारांचं, सगळंच मनचं.

"राज्याचं खोटं आहे ते मला पहिल्यापासून माहीत होतं," ती म्हणाली. "आईचं खोटं आहे ते नव्हतं माहीत."

मग मी तिला खरं सांगितलं, जितकं मला ठाऊक होतं तितकं. आई येणार हे नक्की. संक्रांत झाली की त्यानंतर येईल. कोणत्या दिवशी ते मला माहीत नाही, बाबांनाही नाही. आणि तुरुंगात जायचं होतं ते मी, तिची आई माझ्या जागी गेली, हेही सांगितलं. कुणालाही सांगताना मला इतकी भीती वाटली नव्हती.

तिने विचारलं, "आई गेली त्या दिवशी घटकू कुठे होता?"

"मी बघितलं नाही," मी म्हणालो.

तिने पहिल्या रेघेच्या मागे, मोकळ्या कोब्यावर, तळहात ठेवला. जरा मागे घेतला, जरा पुढे. मग खडूने तिथे एक ठिपका काढला. "इथे असेल," ती म्हणाली. "तिथपर्यंत जाईल आणि आईला घेऊन येईल."

मी त्यात एकही शब्द घातला नाही. ते दिवस माझ्या तोंडाला फार जड गेले. ती विचारायची, आज किती राहिलं, आणि मी बोटं मोजून जेवढी असतील तेवढीच सांगायचो. जेवण पुन्हा घटकूच्या वेळेवर सुरू झालं, पण मोजून, औषधासारखं. दूध पहिल्या नदीवर, भात मधल्या नदीवर. वेळेआधी घास नाही, वेळेनंतर घास नाही. संक्रांतीला मामीने तिळाचा लाडू दिला तो तिने घटकू मोठ्या नदीवर येईपर्यंत मुठीत धरून ठेवला. मूठ चिकट झाली तरी.

वहिनी आली ती एका सकाळी, दहाच्या सुमाराला. कुणालाही आधी कळलं नव्हतं. शिक्षेतले थोडे दिवस सुटले होते. हातात कापडाचं गाठोडं, पातळ चुरगळलेलं, आणि ती इतकी बारीक दिसली की दारात उभी राहिली तरी मागची गॅलरी पूर्ण दिसत होती. मी उठलो. मुलगीही उठली, पण पुढे गेली नाही. ती आधी कोब्याकडे वळली. घटकू पहिल्या नदीवर होता, आणि कालच्या दुपारच्या रेघेपासून तो ठिपका अजून दोन बोटं लांब होता.

"तू लवकर आलीस," ती म्हणाली.

वहिनीने गाठोडं खाली ठेवलं. तिला यातलं काहीच माहीत नव्हतं, आणि तरी ती हसली, आणि हसता हसता तिचा आवाज फुटला. "अगं, त्यांनी सोडलं गं. आता तू अडवतेस?"

मुलीने तरी एकदा माझ्याकडे बघितलं. मी वाटेतून बाजूला झालो. मग ती कोब्यावरून चालत गेली, नद्यांवरून, रेघांवरून, एक पाय सरळ घटकूवर देऊन, तो क्षणभर तिच्या पावलावर चढला आणि उतरला. वहिनीने तिला उचललं नाही, उचलायची ताकद नव्हती. ती दारातच खाली बसली आणि मुलगी तिच्या मांडीत शिरली, गुडघे पोटाशी घेऊन, तान्ह्या मुलासारखी, आणि दोघीही पुष्कळ वेळ तशाच.

मग मुलीने मांडीतूनच मान बाहेर काढली. भोंग्याला अजून दोन तास होते. कोब्याकडे तिची पाठ होती.

"काका," ती म्हणाली, "मला आत्ता भात पाहिजे."

चूल पेटलेली नव्हती, तांदूळ धुतलेले नव्हते. मी मामीच्या दारात गेलो आणि म्हणालो, रात्रीचा थंड असला तरी चालेल.